मेलेल्या माणसाचा नमस्कार

फेब्रुवारी १९८३, मंगळवार. सकाळी गारठा, दुपारी आभाळ निरभ्र, वारा पडलेला.

मेलेला माणूस उठून हात जोडतो, हे कुणी पाहिलंय का हो? निम्म्या सोनपेठने पाहिलंय. तो मेलेला माणूस मी!

आमच्याकडे जत्रेतल्या नाटकाची एक रीत आहे. कुणाचं काम आवडलं की प्रेक्षकांतला एखादा उठतो आणि त्याच्या नावाने बक्षीस पुकारतो. नाटक जागच्या जागी थांबतं. नट पुढे येतो, नमस्कार करतो, टॉवेल-टोपी घेतो, मग पुढचं नाटक. राजा मरून पडलेला असला तरी उठतो, बक्षीस घेतो आणि परत मरतो. कुणाला त्यात काही वावगं वाटत नाही.

मी वीस वर्षं या नाटकांतून कामं केली. शिपाई, भालदार, सावकाराचा दिवाणजी. बक्षीस पुकारायचे ते नायकाला. मी शेजारी भाला धरून उभा. माझं नाव? एकदाही नाही!

अशात त्या फेब्रुवारीत गोदाकाठी चित्रपटवाले आले आणि त्यांनी मला पाटलाच्या इमानी गड्याचं काम दिलं. चांगले संवाद असलेलं! फक्त गड्याचं मरण आधी घ्यायचं होतं, बोलणं दुसऱ्या दिवशी.

मी वाळूत पडलो. सदऱ्यावर लाल रंग. नायिका छातीवर डोकं टेकून रडतेय. बघे चिडीचूप. मी श्वाससुद्धा रोखलेला. आणि गर्दीतून माझा मेहुणा दत्तू गरजला,

"आमच्या दाजींचं मरन लय आवडलं! म्हणून आमच्याकडून टावेल-टोपी!"

वीस वर्षांत पहिल्यांदा! सांगा, तुम्ही पडून राहिला असता?

मी उठलो. दत्तूकडे तोंड करून हात जोडले. आणि शिस्तीत परत मेलो.

"कट! अहो, तुम्ही मेलायत ना?" दिग्दर्शक किंचाळले.

"होय साहेब. पण बक्षीस पुकारलं ना."

पुन्हा शॉट लावला. नायिकेने माझं तोंड बघितलं आणि ती खुदकन हसली. परत लावला, परत तेच.

"यांच्याकडे बघून मला रडूच येत नाही हो!" ती म्हणाली.

ऊन उतरायला लागलं होतं. दिग्दर्शकांनी कपाळावर हात मारला. "दुसरा कुणीही झोपवा! ए टॉवेलवाल्या, इकडे ये."

"मी? मला कुठं ॲक्टिंग येती साहेब!"

"मरायला काय यायला लागतं? झोप."

दत्तूने माझ्याकडे बघितलं. "दाजी, झोपू का?"

"झोप बाबा," मी म्हणालो आणि अंगातला सदरा काढून त्याला दिला.

नायिका धाय मोकलून रडली. शॉट पहिल्याच फटक्यात ओके.

आता प्रेताचा चेहरा दत्तूचा, तर जिवंत गडीही दत्तूच हवा. उद्याचे माझे संवाद त्याला गेले. पाठ मलाच होते. रात्री मीच त्याच्याकडून ते घोकून घेतले.

पुढे चित्रपट परभणीला लागला. त्यात गड्याचं काम दत्तूचं आहे. त्याच्या तिरडीला मागून खांदा दिलेला माणूस मी आहे, पाठमोरा.