साडूभाऊंची पडायची शाळा

सबंध वर्धा जिल्ह्यात जपानी कुस्तीच्या घराण्यांची नावं अर्थासकट सांगणारा माणूस एकच होता, आणि तो माझा साडू होता. हे विधान मी पूर्ण जबाबदारीने करतो. १९५० नंतरच्या त्या वर्षांत सेलूला जपान म्हटलं की कुणाला चावीची खेळणी आठवत, कुणाला बॉम्ब. साडूभाऊंना मात्र जपान म्हणजे गवयांच्या घराण्यांसारखी मारामारीची घराणी असलेला देश वाटे, आणि कोणत्या घराण्याच्या नावाचा अर्थ काय, हे समोरच्याने विचारण्याची वाट ते कधी पाहत नसत.

माझ्या बायकोच्या थोरल्या बहिणीचे हे यजमान. लढाईत फौजेच्या गाडीवर ड्रायव्हर म्हणून मलायात गेले, सिंगापूर पडलं तेव्हा कैदेत सापडले आणि लढाई संपल्यावर हाडांचा सापळा होऊन परतले. कैदेत काय भोगलं ते त्यांनी बायकोला, मला, कुणालाच सांगितलं नाही. सांगितली ती नावं. छावणीच्या स्वयंपाकघरातला एक म्हातारा जपानी हवालदार पूर्वी आपल्या गावी जुजुत्सू शिकवत असे. त्याच्या हाताखाली भाताची पिंपं घासताना यांनी थोडी विद्या उचलली आणि नावं मात्र गोणीभर उचलली. "हाताले येकच घरानं येते, गुरुजी," ते मला म्हणत. मी तिथल्या शाळेत मास्तर होतो, म्हणून नात्यातही गुरुजीच. "तोंडाले धा येतात. खोटं कायले बोलू?"

जुजुत्सू म्हणजे मऊपणाची कला आणि ज्यूदो म्हणजे मऊपणाचा मार्ग, हे त्यांनी आमच्या घरी पहिल्याच जेवणात सांगितलं. दोन्हींत फरक काय, असं मी विचारल्यावर घास हातात धरून ते म्हणाले, "कला हाताची असते गुरुजी, मार्ग पायाचा. हात थकला का कला संपली." कराटे म्हणजे रिकामा हात. हा अर्थ समजल्यापासून दिवाळीला काही न देणाऱ्या माणसाला ते कराटेवाला म्हणत. गोजू-रियू म्हणजे कडक आणि मऊ यांचं घराणं, आणि त्याचं उत्तम उदाहरण म्हणून ते आपल्या बायकोची भाकर दाखवत. वरून पापुद्रा कडक, आत लोणी. त्यावर त्या म्हणत, "गोजू म्हना का फोजू म्हना, गरम हाय तवर खा."

सगळ्यांत अवघड गेलं ते योशिन-रियू. त्याचा अर्थ वाळुंज नावाच्या लवचीक झाडाच्या मनाचं घराणं. बर्फ पडलं की ताठ फांद्या मोडतात, वाळुंजाची फांदी वाकते आणि बर्फ खाली सोडून पुन्हा वर येते, हे पाहून कुणा वैद्याला ती विद्या सुचली म्हणे. आता सेलूच्या माणसाला बर्फ कसं समजवायचं? साडूभाऊ गावातल्या कापसाच्या जिनिंगमध्ये कामाला होते. तिथल्या सांडलेल्या रुईचे मोठमोठे पुंजके त्यांनी बाभळीच्या फांदीवर ठेवले आणि जमलेल्यांना म्हणाले, "हे बर्फ समजा." एकाने विचारलं, "काका, रुईनं फांदी मोडते कशी?" साडूभाऊंनी फांदीकडे पाहिलं, रुईकडे पाहिलं आणि म्हणाले, "वली करून आन." भर उन्हात बादल्या आल्या, रुई भिजली, फांदी काही मोडली नाही. शेवटी साडूभाऊ स्वतः तिला लोंबकळले तेव्हा ती मोडली, आणि धडा पूर्ण झाला.

शोतोकानच्या वेळी तर प्रकरण अंगावर आलं. पाइन नावाच्या झाडांतून वारा जाताना ज्या लाटा उठतात, त्या लाटांचं दालन असा त्याचा अर्थ. पाइन आमच्याकडे नाही, म्हणून ते आपल्या शिष्यांना घेऊन सायंकाळी ज्वारीच्या उभ्या पिकात शिरले आणि डोळे मिटून सगळे वारा ऐकत उभे राहिले. शेताचा मालक काठी घेऊन धावत आला.

"का करून राह्यले बे तिथं?"

"ऐकून राह्यलो," साडूभाऊ डोळे न उघडता म्हणाले.

"ऐकून राह्यले! कनसं तोडून राह्यले म्हन ना!"

त्याने सगळ्यांच्या धोतरांचे सोगे झाडून पाहिले. कणीस एकही निघालं नाही, तेव्हा तो अधिकच घाबरला. चोर परवडला, पण पिकात डोळे मिटून उभ्या राहणाऱ्या माणसांचं काय करायचं ते त्याला कळेना.

शिष्य म्हटलं ते गमतीने नव्हे. पावसाळ्यात जिन बंद असे आणि जिनच्या मालक शेठजींनी रुईचं रिकामं गोदाम साडूभाऊंना वापरायला दिलं होतं. तिथे ते शिकवत. काय शिकवत? पडायला. उरलेल्या रुईचा थर अंथरून त्यावर पाठीवर, कुशीवर, कोलांटी घेऊन पडायचं आणि पडताना हाताची थाप जमिनीला द्यायची. कितो-रियू म्हणजे उठण्या-पडण्याचं घराणं, आणि ज्याला पडता येत नाही त्याने दुसऱ्याला पाडू नये, हा त्यांचा कायदा. पहिला सगळा पावसाळा गेला तरी कुणाला एक डाव मिळाला नव्हता. गाव हसत होतं. "पडाले शाळा लागते का जी? सांजच्याला भट्टीवर बसा, आपोआप येते!" रुईने माखलेले शिष्य संध्याकाळी बाहेर पडले की पिंजाऱ्याकडची वरात निघाल्यासारखं दिसे.

पण त्या वरातीत कोण असे, ते नीट सांगायला हवं. नागपूरच्या दीक्षेला दोन वर्षंही झाली नव्हती. गावच्या तालमीत बौद्ध वस्तीतल्या तरुणांना घेत नसत. तसं कुणी बोलत नसे, पण त्यांच्यासाठी लाल मातीत कधी जागाच नसायची. साडूभाऊंच्या गोदामात कुणब्यांचे जवान पोरगे आणि वस्तीतले जवान पोरगे एकाच रुईवर पडत आणि एकमेकांना हात देऊन उठवत. तालमीच्या वस्तादांना गोदाम हवं होतं ते जागा कमी पडते म्हणून, असं ते सांगत. शेठजी दोघांनाही दुखवायला तयार नव्हते. त्यांनी तोड काढली. पुढल्या नागपंचमीच्या कुस्त्यांच्या दंगलीत तालमीचा माणूस आणि साडूभाऊ लढतील, जो जिंकेल त्याचं गोदाम.

तालमीने तळेगावकडचा एक पहिलवान आणला. मान आणि डोकं वेगळं दाखवता येऊ नये असा. साडूभाऊ चाळिशीचे, अंगाने तुरीच्या काडीसारखे. पंच म्हणून दोन्ही बाजूंनी माझं नाव सुचवलं, कारण गावात मास्तर निःपक्षपाती समजला जाई. मला फार बरं वाटलं. आखाड्यात उतरताना गर्दीतून कुणी ओरडलं, "पाहू आता, साडू साडूचं का करते!" लोक हसले. मी शिट्टी ओठांत घट्ट धरली आणि त्याच क्षणी मनाशी ठरवलं की आज आपल्यावर कुणाला बोट ठेवू द्यायचं नाही. सगळं बिघडलं ते तिथेच.

पहिलवान बैलासारखा धावून आला. साडूभाऊंनी त्याचे दोन्ही दंड धरले आणि ते मागे सरले नाहीत, चक्क खाली बसले. पाठ मातीला टेकवली, पाय त्याच्या पोटाला लावला आणि तो एवढा थोरला देह डोक्यावरून असा काही गेला की हलगीवाला हलगी टाकून पळाला. पहिलवान आखाड्याबाहेर उताणा पडला होता. साडूभाऊ कोलांटी घेऊन केव्हाच उभे होते. या जातीच्या डावाला सुतेमी म्हणतात. त्याचा अर्थ आपला देह टाकून देणं, हे मला कैक जेवणांतून ठाऊक होतं.

मग वस्ताद म्हणाले, "पाठ टेकली." खरंच होतं. आमच्या मातीत ज्याची पाठ आधी टेकली तो हरला, आणि साडूभाऊंची पाठ आधी टेकली होती, दोनशे माणसांसमोर, आपखुशीने. मी विचार करायला वेळ घेतला नाही. मी जाऊन पहिलवानाचा हात वर केला. त्यासाठी आधी त्याला दोघांनी धरून उभं करावं लागलं, कारण आपण कुठे आहोत हे त्याला उमगत नव्हतं.

साडूभाऊंनी कमरेतून वाकून आधी पहिलवानाला, मग मला नमस्कार केला. "बरोबर हाय गुरुजी. माती तुमची, कायदा मातीचा." घरी माझ्या बायकोने ताट वाढलं आणि पाठ फिरवून बसली. ती पाठ पुढे पुष्कळ दिवस माझ्याकडेच राहिली.

गोदाम तालमीला गेलं. वस्तीतले पोरगे दोन-तीन दिवस दाराशी येऊन परत गेले. मग येईनासे झाले. त्या आठवड्यात पहिलवान माझ्या घरी आला, ओसरीवर टेकला आणि म्हणाला, "गुरुजी, मले येक सांगा. मी जितलो कसा?"

"त्यांची पाठ आधी टेकली."

"मले तं आभाळ दिसलं होतं जी. जितनाऱ्याले आभाळ दिसते का? तुमी शेठले जाऊन सांगा. मी येतो संगं."

पंचाचा शब्द बदलत नसतो, असं मी त्याला सुनावलं. शाळेत मुलांना दटावतो त्या आवाजात. तो उठला आणि सरळ साडूभाऊंकडे गेला. पुढली दोन वर्षं तो तळेगावहून जमेल तसा येई आणि त्यांच्या परसात कडब्यावर पडायला शिके. ही गोष्ट गावात आम्हा तिघांशिवाय आणि दोघी बहिणींशिवाय कुणाला कळली नाही. कळली असती तर माझा निकाल हास्यास्पद ठरला असता, आणि मी तसं होऊ दिलं नाही.

साडूभाऊंच्या अखेरच्या आजारपणात मी विचारलं, "तुम्हाला मातीचा कायदा ठाऊक होता. दुसरा डाव का नाही टाकला?"

"होते ना दुसरे. पन पोट्टे पाहून राह्यले होते गुरुजी. वरीसभर मी त्याइले सांगतलं का पडन्यात लाज नाई. अन् लढाच्या दिवशी मीच आंग चोरू?" मग कुशीवर वळून ते म्हणाले, "चुकलंच पन. पोट्ट्याइची जागा गेली."

गेल्या वर्षी तालमीच्या समारंभात एका वक्त्याने सांगितलं की आपल्या मातीने जपानी विद्येला एका क्षणात चीत केलं. मी पहिल्या रांगेत गळ्यात हार घालून बसलो होतो. म्हणून हे लिहिलं. त्या कुस्तीत माझे साडू जिंकले होते. कायद्याचं बोट धरून मी उलटा निकाल दिला तो कायद्यासाठी नव्हे, मला गर्दीची भीती वाटली म्हणून.

लिहून झाल्यावर मी हे त्या गोदामातल्या एका शिष्याला वाचून दाखवलं. तो सरकारी नोकरीतून निवृत्त होऊन आता वर्ध्याला असतो, वस्तीतला होता, केस माझ्यासारखेच पांढरे झालेत.

"तुला हे ठाऊक होतं का रे?" मी विचारलं.

"आमाले तं तवाच दिसलं होतं, गुरुजी," तो म्हणाला. "तुमी कवा म्हनता, तेच पाहून राह्यलो होतो."