धुक्यातला सुका बांगडा

भुताखेतांवर माझा विश्वास नाही... आजही नाही. मालवणच्या मच्छीमार होडीवरच्या तांडेलाचा मुलगा मी, समुद्रावरच्या नाना गोष्टी ऐकत वाढलो आणि एकही खरी मानली नाही. त्यात शिक्षण जहाजबांधणीचं! तरी हे लिहितोय, कारण ज्यांचे आभार मानायचेत त्यांचा पत्ता माझ्याकडे नाही.

साठच्या दशकाची सुरुवात होती. मी हॅम्बुर्गला डॉक्टरेट करत होतो. विषय – एक जुनं शिडाचं जहाज. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस जर्मन आरमार वसाहतीसाठी आफ्रिकेकडे गेलं, तेव्हा पीठ, खारवलेलं मांस आणि पाण्याची पिंपं घेऊन हे त्याच्या मागोमाग गेलं. तिथे तापाने बरेच खलाशी दगावले, म्हणून परतीसाठी झांजिबारला आपले कोकणी खलाशी घेतले. आणि अगदी घराच्या उंबऱ्यावर, एल्ब नदीच्या मुखाशी, जहाज वाळूत रुतून फुटलं. बुडालेल्या जर्मनांची नावं तिथल्या चर्चमध्ये दगडावर कोरली आहेत. आमच्यांसाठी शेवटी एवढंच – ‘आणि काही परदेशी’.

ओहोटीला त्या जहाजाच्या लाकडी फासळ्या उघड्या पडतात. त्यांची मापं घ्यायला एका दुपारी मी चिखलातून निघालो. बायको कुसुम हट्टाने सोबत आली. पुण्याची, शुद्ध शाकाहारी, त्यात पाचवा महिना. “अहो, घरात बसून नुसतं मळमळतं. तिथे वारा तरी खाईन!”

मापं झाल्यावर डबा उघडला. तूप-साखरेची पोळी. वडील होडीवर म्हणायचे, “पयलो घास दर्याचो, मगे आपलो.” त्या सवयीने मी पहिला तुकडा मोडून एका फासळीवर ठेवला. दर्याला की त्या माणसांना, कोण जाणे.

कुसुम हसली. “कोकणी माणसांना साखरेची पोळी? काहीतरी झणझणीत तरी द्यायचं!”

माझी नजर समुद्रावर होती. मालवणात भरती समोरून येते, दिसते, आपण मागे सरकतो. इथला किनारा ताटासारखा सपाट. पाणी आधी ओहोळांतून शिरतं आणि तुमच्या पाठीमागे भरतं. लोकांनी सांगितलं होतं... पण तांडेलाच्या मुलाला समुद्र कोण शिकवणार! मागे वळलो तर आलो ती वाट बुडालेली. तेवढ्यात धुकं उतरलं. किनारा कुठे, समुद्र कुठे, काही कळेना.

पाणी घोट्यावरून गुडघ्याला लागलं. कुसुमने माझा हात घट्ट धरला होता. मी आयुष्यात इतका कधी घाबरलो नव्हतो. तिच्यासाठी, पोटातल्या जिवासाठी.

आणि कुसुम एकदम म्हणाली, “शी! अहो, सुके मासे कोण भाजतंय?”

मलाही आला... निखाऱ्यावरच्या सुक्या बांगड्याचा वास! आमच्या घरात तिने तो कधी शिरू दिला नव्हता.

“कुठून येतोय?”

नाकाला पदर लावून तिने बोट दाखवलं. मी अगदी उलट दिशेला निघालो होतो. मग ती सांगेल तसं चालत राहिलो. जरा चुकलो की वास तुटायचा आणि ती ओरडायची, “इकडे नाही येत हो!” शेवटी पायाला किनाऱ्याच्या बांधावरचं गवत लागलं आणि मी कुसुमला वर ओढून घेतलं.

तिथे मेंढ्या राखणाऱ्या बाईंनी आम्हाला गरम कॉफी पाजली. मासे कोण भाजतंय, असं मी त्यांना विचारलं.

“इथे? निमांड!” कोणीच नाही, म्हणाल्या. खरंच, आता वास होता तो फक्त मेंढ्यांचा.

मित्र म्हणतात, गावात हेरिंग माशाला धुरी देतात, त्याचा असेल. अहो, मला हेरिंग आणि बांगडा कळत नाही? शिवाय बांधावर पोचल्यावर कळलं, वारा समुद्रावरून येत होता. किनाऱ्याचा वास आमच्यापर्यंत पोचेलच कसा? उत्तर शोधणं मी सोडून दिलंय.

मुलगी झाली. आता शाळेत जाते, मराठीत विचारलं तरी उत्तर जर्मनमध्येच देते. ते जाऊ दे. दरवर्षी तो दिवस आला की कुसुम हॅम्बुर्ग बंदरात जाते, मुंबईहून आलेल्या जहाजावरच्या खलाशांकडून सुका बांगडा मागून आणते आणि नाकाला पदर लावून स्वतः भाजते. शेजारीण जिन्यात येऊन खिडक्या उघडते, तक्रार करते. कुसुम तिला हात जोडते, पण भाजायची थांबत नाही.

मी ताट घेऊन बसलो की पहिला तुकडा खिडकीत ठेवते आणि म्हणते, “थांबा हो. आधी त्यांना.”