झटकलेले कपडे

मुकादमाच्या घरात मिठाच्या डब्यावरही चिठ्ठी होती. मीठ. साखरेवर साखर. फिनेलच्या बाटलीवर लाल अक्षरांत विष. शेजारीण म्हणायची, "वहिनी, एक यांच्या कपाळावरही लावा की."

"लावली असती," मुकादमाची बायको म्हणायची. "काय लिहायचं तेच ठरत नाही."

कामच तसं. जुन्या इमारतींतल्या पाइपांवरचं, छतांतलं अ‍ॅस्बेस्टॉस त्याची टोळी काढायची. आधी पाणी मारायचं, हलक्या हाताने सोलायचं, दोन पिशव्यांत बांधायचं, वर लाल अक्षरांत अ‍ॅस्बेस्टॉस लिहिलेली चिठ्ठी डकवायची. कोरडं सोललं की धूळ उडते. ती दिसत नाही. एकदा छातीत गेली की बाहेर निघत नाही, वर्षानुवर्षं दबा धरून बसते. नवा माणूस आला की मुकादम त्याला हे समोर बसवून सांगायचा. शेवटी म्हणायचा, "आणि कामाचे कपडे घरी न्यायचे नाहीत. इथेच धुवायला टाकायचे."

स्वतःचे तो न्यायचा.

लग्न नवं होतं तेव्हाची गोष्ट. कामावरून धुऊन आलेला शर्ट बायकोने दोन बोटांत धरला. कळकट, बटण तुटलेलं. "माझा नवरा असले बोळे घालून हिंडणार नाही," ती म्हणाली. त्याला बरं वाटलं. तेव्हापासून तो कपडे पिशवीतून आणू लागला. ती ते गॅलरीत न्यायची, शर्ट खांद्यांना धरून जोरात झटकायची, मग भिजवायची. फट, फट. आत चहा पिताना तो आवाज आला की त्याला घरी आल्यासारखं वाटायचं.

आता तो निवृत्त होता, आणि बायकोला जिना चढवत नव्हता.

डॉक्टरांनी तिच्या छातीचा फोटो उजेडाला धरला. "काय काम करत होतात?"

"मी कुठे काय करते," ती म्हणाली. "घरीच तर असते. काम यांचं. अ‍ॅस्बेस्टॉस काढायचे. सगळ्यांना नियम शिकवायचे हे."

डॉक्टरांनी फोटो खाली ठेवला. "यांचे कपडे कोण धुवायचं?"

"मीच. दुसऱ्याच्या हातचं यांना चालायचं नाही."

खरं तर तिलाच चालायचं नाही. मुकादमाचीही छाती तपासली. ती स्वच्छ निघाली.

घरी आल्यावर त्याने ट्रंकेच्या तळाचा जुना कामाचा शर्ट काढला. पाण्याने भिजवला. न झटकता घडी घातली. एका पिशवीत घातला, ती दुसरीत, आणि गाठ मारली.

बायको पलंगावरून बघत होती. "अहो, धुतलेला आहे तो."

"हो."

"मग?"

त्याने चिठ्ठी घेतली. आयुष्यभर तोच शब्द लिहिला होता, तरी हात अडला. डॉक्टरांनी तिच्या आजाराचं नाव सांगितलं होतं, तो कशातून आला ते नाही. ते सांगणं त्याच्यावर सोडलं होतं. शेवटी त्याने लाल अक्षरांत लिहिलं आणि पिशवी तिच्यासमोर धरली.

तिने वाचलं.

"आणि मी किती जोरात झटकायचे," ती म्हणाली.

तो पिशवीची गाठ पुन्हा आवळत बसला.