तिच्या तोंडातलं 'मले'

राजेहो, हे आजवर कोणाले सांगतलं नाई. बायकोलेबी नाई. परवा अमरावतीत माहा सत्कार झाला. निवेदक माइकवर गरजला — "वऱ्हाडी बोलीचा कैवारी!" टाळ्या पडल्या, अन् मी हात जोडून उभा! लाज कशी नाई वाटली मले?

लग्नाच्या व्हिडिओपासून सुरुवात केली म्या. मग धारणीकडचे माहितीपट, बियाण्याच्या जाहिराती, दुसऱ्याईचे सिनेमे — जे आलं ते शूट केलं. अन् जलमभर एकाच गोष्टीवर चिडलो. पडद्यावर आपली बोली आली का बोलणारा नोकर तरी पायजे, नाईतर हसवणारा गडी. काहून? वऱ्हाडी माणूस रडत नाई काय? अजूनबी डोकं तापते माहं.

म्हणून स्वतः सिनेमा काढला. कॅमेरा माहा, निर्माताबी मीच. नायिका अकोल्याची शोभा — शाळेत शिकवे, नाटकात काम करे. शेवटच्या सीनमधे सासर सोडताना ती म्हणते, "मले कोणी इचारलंच नाई." एकाच टेकमधे दिलं तिनं. कॅमेऱ्यामागं माहे डोये भरले.

अन् मग... मग मुंबईत सिनेमा विकत घेणाऱ्या काही लोकाईले तो दाखवला. त्या 'मले'वर एक जण फिसकन हसला. एकच! कोणी काही बदला म्हणलं नाई, राजेहो. कोणीच नाई. पण माही तंतरली. दुसरी पोरगी बोलावून शोभाचा सारा आवाज म्या बदलून टाकला — शुद्ध, गुळगुळीत. "मला कोणी विचारलंच नाही." पण क्लोजअपमधे ओठ 'ले' म्हणत, ऐकू 'ला' येई. तर तो क्लोजअपबी काढला, अन् तिथं तिचा पाठमोरा शॉट लावला. इतका हलकटपणा कोण करते?

शोभाले पह्यले सांगतलं नाई. ती आईले घेऊन अकोल्याच्या टॉकीजमधे गेली. मधातच आईनं इचारलं म्हणे, "हे कोण बोलून राहिली व तुह्या तोंडातून?"

दुसऱ्या दिवशी शोभा आली. रडली नाई. म्हणे, "मुंबईवाल्याईनं केलं न हे, दादा? तुमी तर भांडले असान."

मी मान हलवली. हो म्हणून.

त्यानंतर तिनं कधी तोंडाले रंग लावला नाई. नाटकातबी नाई. अन् मी? मी स्टेजास्टेजावर मुंबईच्या नावानं खडे फोडत राहिलो, त्याचेच सत्कार घेत राहिलो. तिची गोष्टबी सांगतली — मुंबईवाल्याईचा अन्याय म्हणून! थू माह्या जिनगानीवर.

परवाचा हार घालाले संयोजकाईनं तिलेच बोलावलं होतं. केस पिकले तिचे. हार घालता घालता हळूच म्हणे, "दादा, माह्यासाठी एक तुमीच भांडले."

मी मान वाकवली अन् हार घालून घेतला.