पुठ्ठ्यामागचा सिंहली सिनेमा

आमच्या परभणीच्या कॉलेजात सिनेमा मंडळ आहे. यंदा त्यात श्रीलंकेतला एक सिंहली सिनेमा दाखवायचं ठरलं. तो मीच सुचवला होता. तिथल्या सेन्सॉरनं तो आधी अडवला, मग 'फक्त प्रौढांसाठी' असा शिक्का मारून सोडला, हे वाचून मी तो मोबाइलवर पाहिला होता. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेली मी पहिलीच. चार लोकांसमोर बोलायची भीती वाटते. तरी या सिनेमावरची चर्चा मला घ्यायची होती.

शिक्क्याचं कळताच मंडळाचे सर म्हणाले, "बाळ, प्रस्तावना तू कर. मग मुली बाहेर जातील. चर्चा मुलं करतील."

"सर, मी वीस वर्षांची आहे."

"प्रश्न वयाचा नाही, वातावरणाचा आहे."

सरांनी सिनेमा पाहिलेला नव्हता. न पाहताच त्यातलं वाईट ओळखायची विद्या कोलंबोपासून परभणीपर्यंत एकच गुरुजी शिकवत असावेत.

प्रस्तावना करून मी व्हरांड्यात आले. जिंतूरची मैत्रीण फणकारली, "आपल्याला हाकललं, अन् आत बसलेत ते काय साधू हायत व्हय?"

दाराच्या फटीतून बघितलं, तर सर प्रोजेक्टरपुढं पुठ्ठा धरून उभे. पडद्यावरच्या बाईनं केस सोडले की पुठ्ठा. पाण्याचा आवाज आला की पुठ्ठा. मुलं ओरडत होती, "सर, हात दुखायला असंल, काढा की!"

सिनेमा संपला आणि चर्चेला कुणी उठेना. पुठ्ठा कधी हलतो, एवढंच सगळ्यांनी बघितलं होतं. पण अहवालाला चर्चेचा फोटो हवा होता. मग सरांना माझी आठवण झाली. "ये बाळ, माईकपाशी उभी राहा. दोन शब्द बोल."

मी माईक हातात घेतला. "पुठ्ठ्यामागं काय होतं, ते सांगते."

"ते राहू दे," सर म्हणाले.

"त्या बाईच्या नवऱ्याचे दोन्ही हात लढाईत गेलेत. ती त्याला अंगणात न्हाऊ घालते. तो लाजतो, मग रडतो. ती पाठ चोळत राहते. एवढंच आहे, सर."

मागून एकजण पुटपुटला, "एवढंच व्हतं व्हय?"

"फोटो झाला का?" सरांनी विचारलं. झाला होता. मी माईक सोडला नाही. दाराकडं बघून मी बाहेरच्या मुलींना म्हणाले, "आत या. चर्चा आता सुरू होतीय."