आज कायदा हाय का?

हिरू भोईर दर सोमवारी उल्हासनगरच्या कोर्टात यायचे आणि माझ्या टेबलासमोर उभे राहण्याआधी चपला काढायचे. आम्हा वकिलांची टेबलं बाहेर पत्र्याच्या शेडमध्ये. खाली पानाच्या पिचकाऱ्या, वर कायम बंद पडलेला पंखा. अशा जागी चपला काढणारा दुसरा माणूस मी पाहिला नाही. पहिल्या वेळी मी ओरडलेच, "बाबा, पायात घाला, घाण आहे इथे." त्यांनी ऐकलं न ऐकल्यासारखं केलं, पिशवीतून शेवग्याच्या शेंगांची जुडी काढून टेबलावर ठेवली आणि विचारलं, "ताय, आज कायदा हाय का नाय?"

प्रश्न वेडगळ वाटेल, पण त्या काळात तो अगदी रास्त होता. बैलगाड्यांच्या शर्यती सर्वोच्च न्यायालयाने बंद केल्या होत्या. मग राज्याच्या विधिमंडळाने शर्यतींना परवानगी देणारा कायदा केला आणि गावोगाव गुलाल उधळला गेला. तो गुलाल खाली बसतोय तोवर कुणीतरी हायकोर्टात गेलं आणि कायदा असूनही शर्यती थांबल्या. हिरूबाबांचं गाव बदलापूरहून बारवी धरणाकडे जाताना लागतं. त्यांच्या गोठ्यात बादल नावाचं खोंड होतं. अजून अदत, म्हणजे दुधाचे दातही न पडलेलं. शर्यतीच्या बैलाचं वय ही मंडळी दातांवर धरतात, आणि हिरूबाबांना बादलला एकदा तरी पळवायचं होतं.

"सगल्या आमदारांनी हात वर केलं ना?" त्यांनी विचारलं.

"केले."

"मंग कोरट मधी कसा येतंय?"

मी माझ्या परीने सांगितलं. आमदारांनाही कायदा करताना घटनेच्या बाहेर जाता येत नाही. गेले की नाही हे कोर्ट बघतं, आणि गेले असतील तर केलेला कायदाही रद्द करू शकतं. बाबांनी टोपी काढली, डोकं खाजवलं, टोपी परत घातली.

"म्हंजे बैल एक आन् कासरं दोन," ते म्हणाले. "एक सरकारच्या हातात, एक कोरटाच्या."

हे शेजारच्या झेरॉक्सवाल्या परसूभाईने ऐकलं. कॅम्प एकमधला हा सिंधी गृहस्थ कुणाचीही थट्टा केल्याशिवाय कागद हातात देत नसे. तेव्हापासून दर सोमवारी तो लांबूनच हाक द्यायचा, "साईं, आज बैल खुला है के बंद?" बाबा माझ्याकडे बोट करायचे. उत्तर देण्याचं काम माझं.

कोर्टावर त्यांचा एवढा विश्वास का, याला कारण होतं. त्यांच्या भाताच्या खाचरातून एक रस्ता जाणार होता, आणि माझ्या सीनियरनी लढवलेल्या खटल्यात कोर्टाने तो अडवला. तेव्हापासून कोर्टाचा शब्द हा बाबांचा शब्द. बंदीच्या काळात आसपासच्या माळांवर पहाटे चोरून शर्यती होत. त्यांचा मुलगा रोशन दुसऱ्यांच्या गाड्या हाकायला जायचा आणि कपाळाला गुलाल लावून घरी यायचा. "बाबा, पहाटे पोलीस झोपलेले असतात, कोई नहीं आता," तो म्हणायचा. बाबा म्हणायचे, "कोरट झोपतंय का?" गावात या वाक्यावर हसायचे. मीही हसले आहे.

आता माझं सांगते. मी बंदीच्या बाजूची. निकालपत्र वाचलं होतं आणि माझा स्वभाव असा की मनातलं पोटात राहत नाही. एका सोमवारी मी त्यांना मुद्दामच ऐकवलं, की बैलाला खिळे टोचतात, डोळ्यांत तिखट घालतात, शेपटी दाताने चावतात, हे सगळं निकालात लिहिलंय. मला वाटलं, आता भांडतील. मी तयारीतच होते.

"बरोबर लिवलंय," बाबा म्हणाले. "माझा बा शेपूट चावायचा. गाडी हाकून आला का त्याच्या तोंडाला रगत असायचा. आये तांब्या घेऊन उभी ऱ्हायची, तोंड धुवायला."

 शेडमधला सगळा गोंगाट चालू होता आणि मला फक्त ती तांब्या घेतलेली बाई दिसत होती.

"म्हनून तं बादलला मी काय दाखवला नाय," ते पुढे म्हणाले. "काठी नाय, चाबूक नाय. माझ्या हाकेवर धावतंय. एक डाव सगल्यांसमोर, कायद्यानं धावला का बास. मंग मना काय नको."

त्यानंतर एका रविवारी आम्ही नवरा-बायको बदलापुरातल्या कात्रपच्या घरून स्कूटरवर त्यांच्या गावी गेलो. बाबांनी बांधावर उभं राहून जिभेने टक् टक् केलं. पार त्या टोकाला चरणारा पांढराशुभ्र बैल शेपूट उभारून सुटला, तो सरळ त्यांच्यापुढे येऊन थांबला आणि त्यांच्या काखेत तोंड खुपसून उभा राहिला. माझा नवरा बँकेतला माणूस, सहसा कशाने हलत नाही. परतताना तो म्हणाला, "याला पळू द्यायला पाहिजे." मलाही तसंच वाटत होतं.

कोर्टात तारखा पडत गेल्या आणि बादलला दात येत गेले. "ताय, दोन दात आलं." मग, "ताय, चार दात, चौसा झाला. कोरटाला सांग, बैल थांबत नाय." सगळे दात आले, बैल जुळला, आणि शेवटी वरच्या कोर्टाने कायद्यातल्या अटी पाळून शर्यतींना परवानगी दिली. अंतिम निकाल अजून यायचा होता, पण कासरा सैल झाला होता. बाबांनी मला सगळ्या अटी वाचायला लावल्या. डॉक्टरांचा दाखला हवा. काठी नाही, चाबूक नाही, खिळा नाही, विजेचा झटका नाही. "परत वाच," म्हणाले. परत वाचल्या. "ह्यो तं माझ्यासारकाच लिवलाय," असं म्हणून ते इतके हसले की परसूभाईने न मागता चहा पाठवला.

शर्यतीला मी गेले, आयुष्यात पहिल्यांदा. मैदानावर बॅनर होता, डॉक्टरांचं टेबल होतं, पोलीस होते, कॅमेराही होता. बाबांचे गुडघे गेलेले, त्यामुळे गाडीवर रोशन. बादलच्या जोडीला भावकीतला एक बैल. रोशन गाडीवर चढायच्या आधी बाबांनी त्याचे दोन्ही हात धरले, मुठी उघडायला लावल्या आणि तळवे बघितले. रिकामे होते. "बाबा, टेन्शन नको घेऊ ना," रोशन म्हणाला. मग बाबा शेवटाकडे, धावपट्टीच्या कडेला बांधलेल्या दोरीपाशी जाऊन उभे राहिले, म्हणजे बादलला त्यांची हाक ऐकू येईल.

बादल सुटला तो पुढेच होता. शेवट जवळ आला तेव्हा शेजारची गाडी बरोबरीला आली. रोशनचा हात कमरेकडे गेलेला मी पाहिला. टोचलेला बैल जिवाच्या आकांताने पुढे पळतो, म्हणून तर लोक टोचतात. बादलला टोचणं म्हणजे काय ते माहीतच नव्हतं. तो घाबरला आणि वळला. दोरीच्या पलीकडे बाबा उभे होते, तिकडे. गाडी उलटली, जू मानेत रुतलं, पुढचा पाय मोडला. डॉक्टर धावत आले. संध्याकाळ व्हायच्या आत बादल गेला. रोशन त्याच्या पोटावर डोकं ठेवून रडत होता आणि एकच म्हणत होता, "बाबा, एकदाच लगाया. सामनेवाला बाजूला आला होता ना." बाबांनी बादलच्या डोळ्यांवरून हात फिरवला. मुलाकडे त्यांनी बघितलं नाही. 

पुढच्या सोमवारी बाबा आले ते पायात चपला तशाच ठेवून. हातात पिशवी नव्हती. परसूभाईने त्यांना बघून तोंड फिरवलं.

"ताय, कायदा हाय का?"

"आहे, बाबा."

"त्यात खिळा चालतंय?"

"नाही. खिळा मारला तर गुन्हा आहे."

"मंग लिव."

मला वाटलं, आयोजकांवर तक्रार करायची असेल. मी कागद ओढला आणि विचारलं, "कुणाविरुद्ध?"

"रोशन हिरू भोईर."

 इतकी वर्षं या शेडमध्ये बसून मी भावाला भावावर, बायकोला नवऱ्यावर कागद लिहून दिलेत. पण ते सगळे रागाने लाल झालेले असायचे. हा माणूस शांत होता, आणि त्यानेच मला धक्का बसला. मी त्यांना समजावलं. एकुलता एक मुलगा आहे, नोकरीच्या अर्जात आडवं येईल, त्याला शिक्षा काय व्हायची ती झालीच आहे. त्यांनी सगळं ऐकून घेतलं.

"रस्ता आला तवा मना कोरट पायजे होता," ते म्हणाले. "आता पोरगा आला तं नको?"

मी लिहून दिलं. पोलीस ठाण्यात सगळेच त्यांना म्हणत होते, "काका, घरचं घरात मिटवा." बाबा बाकावर बसून राहिले. तक्रार नोंदवल्याशिवाय उठले नाहीत.

त्यानंतर जे सुरू झालं ते बघून कोर्टातले लोक बुचकळ्यात पडत. तारखेला बापलेक एकाच मोटारसायकलवर येत. आरोपी गाडी चालवायचा, फिर्यादी मागे बसायचा. आत एक पिंजऱ्यात, एक बाकावर. जेवणाच्या सुट्टीत शेडमध्ये बाबा डबा उघडायचे आणि तांदळाची भाकरी मोडून अर्धी रोशनपुढे सरकवायचे. एकमेकांशी शब्द नाही. मधल्या काळात वरच्या कोर्टाच्या मोठ्या खंडपीठाचा निकाल आला. राज्याचा कायदा घटनेला धरून आहे, कायम. मी बाबांना सांगितलं, "कायदा राहिला, बाबा." ते म्हणाले, "कायद्यानं कुठं काय केलाय?"

भातकापणीच्या दिवसांत हिरूबाबा झोपेतच गेले. मी गेले होते. गोठा रिकामाच होता, दावं खुंटीला तसंच.

त्यानंतर काही दिवसांनी, सोमवारीच, रोशन आला. डोकं भादरलेलं, चपला शेडच्या बाहेर काढलेल्या.

"ताई, बाबा गेला. अब फिर्यादीच नाही, तर केस बंद होते काय?"

मला संताप आला. बापाला जाऊन पुरते तेरा दिवस झाले नव्हते. मी तोडूनच सांगितलं, "नाही. केस सरकारची असते. फिर्यादी गेला तरी चालू राहते."

रोशन समोरच्या बाकावर मटकन बसला. "बरं झालं," तो म्हणाला. "मला वाटलं, बंद पडली असेल."

मी हातातली फाइल बाजूला ठेवली.

"मला गुन्ह्याला हो बोलायचंय," तो म्हणाला. "बाबा होता तेव्हाच बोलायला पाहिजे होतं. हर तारखेला वाटायचं, आज बोलतो. ताई, जजसाहेबांना काय सांगू?"

"झालं ते सांग."

"खिळा कमरेला होता, बाबानं हात बघितले तेव्हा पण होता, असं सांगू?"

"असंच सांग," मी म्हणाले. त्याने दोन्ही तळवे टेबलावर उघडे ठेवले होते आणि तो त्यांच्याकडेच बघत होता.