मावसाजींचा लघुग्रह

हिंगोली जिल्ह्यात गाई-म्हशी सगळेच पाळतात. लघुग्रह पाळणारा माणूस मात्र एकच झाला, आणि तो माझ्या मावशीचा नवरा. पुसेगावजवळच्या शाळेत ते गुरुजी होते. मंगळ आणि गुरू यांच्या मधल्या पट्ट्यात फिरणाऱ्या लाखो दगडांपैकी एकाबद्दल त्यांनी मासिकात वाचलं आणि तो आपला मानला. कोळशासारखा काळा, धड गोल नाही, पाच तासांत स्वतःभोवती गिरकी आणि सव्वापाच वर्षांत सूर्याभोवती एक फेरी. मावसाजी स्वतःचं वयही त्याच फेऱ्यांत मोजत. डोकं पांढरं झालं तरी सांगायचे, "मला आत्ता अकरावं चालू हाय." पंगतीत, एसटीत, जिथं समोरच्याला हलता येत नाही तिथं ते कक्षा समजावू लागत. न्हावी तर त्यांची अर्धी दाढी तशीच सोडून चहाला पळायचा. मावशी म्हणायची, "त्यो धोंडा ठिवा बाजूला अन् दळण आना." त्यांचं पुरं बोलणं कुणीच ऐकून घेत नव्हतं, पळणाऱ्यांत मीही होतो.

अकरा फेऱ्या पुऱ्या झाल्या, निवृत्तीला तीन महिने उरले, आणि नुकत्याच वेगळ्या झालेल्या आमच्या जिल्ह्याच्या विज्ञान प्रदर्शनासाठी वस्तू निवडायला साहेब येणार असं कळलं. मावसाजींना स्वर्ग दोन बोटं उरला. "साहेबाला तरी आयकावंच लागंल, सरकारी काम हाय!" लघुग्रहाचा नमुना करायला आठवडी बाजारात बटाट्यांच्या ढिगापाशी ते तासभर बसले. एकेक उचलायचे, फिरवायचे आणि "लईच गोल हाय" म्हणून टाकायचे. बाजारवाली वैतागली. "गुरुजी, काहून निवडून राहिले एवढं? भाजी करायची हाय का सोयरीक जमवायची हाय?" अखेर एक लांबट, टेंगळं आलेला, एका अंगाला खड्डा पडलेला बटाटा सापडला. काजळी ऐनवेळी फासायची होती, म्हणून सुकू नये यासाठी तो माठाखालच्या ओल्या वाळूत ठेवला. मावशीला मात्र सांगायचं राहिलं.

आमच्याकडं साहेब आला की आधी जेवण, मग तपासणी. त्या दिवशी वाढायला मीच होतो. साहेबांबरोबर दोन माणसं जास्तीची आली, भाजी पुरेना, आणि मावशीच्या हाताला माठाखालचा बटाटा लागला. साहेबांनी रस्सा दोनदा मागून घेतला. हात धुऊन म्हणाले, "हं गुरुजी, कुठंय तुमची वस्तू?"

मावसाजी माठापाशी जाऊन आले. मावशीचा उतरलेला चेहरा पाहिला.

"साहेब, ती तुमच्या पोटात गेली."

साहेब पोट धरून हसले, यादीतलं शाळेचं नाव खोडलं आणि जीपमध्ये बसले. कक्षा ऐकायला त्यांना वेळ नव्हता.

मावसाजी रागावले नाहीत, आणि त्याचंच मला जास्त वाईट वाटलं. ओसरीवर नुसते बसून राहिले. मावशी खरकटी भांडी तशीच टाकून आली आणि पदराला हात पुसत त्यांच्यापुढं बसली.

"सांगा," ती म्हणाली. "कसा फिरते त्यो? पयल्यापासून सांगा."

मावसाजी सावरून बसले. मग त्यांनी सूर्यापासून सुरुवात केली. मावशीला त्यातलं किती कळलं कुणास ठाऊक, पण ती जागची हलली नाही. मीही उंबऱ्यावर टेकलो. सगळं ऐकायला पाऊण तास लागला. तेवढाही आम्ही त्यांना तोवर कधी दिला नव्हता.